श्रीलंकेतील भारतीय शांतिसेनेचे मृत : मोजदाद आणि स्मरण

स्वातंत्र्यानंतर भारतीय सैन्याने देशाच्या सीमेबाहेर ज्या मोहिमा केल्या, त्यांपैकी सर्वाधिक वादग्रस्त मोहीम श्रीलंकेतील होय. १९८७ च्या जुलैअखेरीपासून १९९० च्या मार्चपर्यंत, सुमारे बत्तीस महिने, भारतीय शांतिसेना त्या बेटावर होती. शांतता राखण्यासाठी गेलेल्या या सेनेला अवघ्या दहा आठवड्यांत युद्ध करावे लागले. ज्यांच्या रक्षणासाठी ती गेली असे सांगण्यात आले, त्यांच्यातीलच एका सशस्त्र संघटनेशी ते युद्ध झाले. अकराशेहून अधिक भारतीय सैनिक त्यात मृत्युमुखी पडले. १९६५ अथवा १९७१ च्या युद्धातील हुतात्म्यांचे जसे स्मरण होते, तसे या सैनिकांचे दीर्घकाळ झाले नाही. या विस्मरणाची कारणे कोणती आणि अशा मृतांचे स्मरण कोणत्या दृष्टीने करावे, हे पाहण्याचा प्रयत्न आम्ही प्रस्तुत लेखात करणार आहोत.

हा प्रश्न केवळ लष्करी इतिहासाच्या अभ्यासकांचा नाही. ज्या भूमीवर हे सैनिक पडले, ती भूमी भारतातील बौद्धांना परकी नाही. महेंद्र आणि संघमित्रा यांनी धम्म नेला तो याच द्वीपावर. पालि तिपिटक प्रथम ग्रंथबद्ध झाले तेही येथेच. १९५० साली जागतिक बौद्ध परिषदेच्या निमित्ताने डॉ. बाबासाहेब आंबेडकर श्रीलंकेस गेले होते. शिवाय तेथे लढलेल्या पलटणींत महार रेजिमेंटची पलटणही होती. म्हणून या इतिहासाकडे आम्हाला त्रयस्थाप्रमाणे पाहता येत नाही. जवळीक असली की निर्णय सोपा होतो असे मात्र नव्हे. या प्रकरणात तो अधिकच अवघड होतो.

कराराची पार्श्वभूमी

१९५६ च्या कायद्याने श्रीलंकेत सिंहली ही एकमेव राजभाषा ठरली आणि तमिळ भाषकांच्या मनात दुय्यमत्वाची भावना खोल रुजली. पुढील पाव शतकात सनदशीर मार्गावरचा तरुणांचा विश्वास उडत गेला. १९८३ च्या जुलैमध्ये जाफन्याजवळ तेरा सैनिक मारले गेले आणि त्यानंतर कोलंबोसह अनेक ठिकाणी तमिळांची भीषण कत्तल झाली. हजारो निर्वासित तमिळनाडूत आले. त्याच सुमारास तमिळ सशस्त्र गटांना भारतीय भूमीवर आश्रय व शस्त्रशिक्षण मिळू लागले. पुढे ज्यांच्या गोळ्यांनी भारतीय सैनिक पडले, त्यांतील काहींना शस्त्र चालविण्याचे शिक्षण भारतातच मिळाले होते, ही गोष्ट झाकून या युद्धाचा इतिहास लिहिता येणार नाही.

हिंसा एकाच बाजूची नव्हती. १९८५ च्या मे महिन्यात तमिळ वाघांनी अनुराधपूर येथे, बोधिवृक्षाच्या पवित्र परिसरातही, शंभराहून अधिक निःशस्त्र नागरिकांना ठार केले. २ जून १९८७ रोजी अरंतलाव येथे बसने प्रवास करणाऱ्या तीसहून अधिक भिक्षूंची हत्या झाली. त्यांत बहुतेक कोवळ्या वयाचे श्रामणेर होते. दुसरीकडे जाफना द्वीपकल्पात श्रीलंकेच्या सैन्याची मोठी मोहीम चालू होती आणि तमिळ जनता वेढ्यात सापडली होती. ४ जून रोजी भारतीय विमानांनी जाफन्यावर अन्नधान्य टाकले. त्यानंतर आठ आठवड्यांतच, २९ जुलै १९८७ रोजी, पंतप्रधान राजीव गांधी व राष्ट्राध्यक्ष जयवर्धने यांनी कोलंबोत करारावर स्वाक्षऱ्या केल्या.

या कराराची मूलभूत उणीव अशी की, ज्यांनी शस्त्रे खाली ठेवावयाची होती, ती संघटना करारातील पक्षच नव्हती. दुसरी उणीव अशी की, ज्या देशात सेना जावयाची होती, तेथील बहुसंख्य समाजाला ती नकोच होती. अनेक बौद्ध भिक्षूंनी कराराला उघड विरोध केला. करारानंतर दुसऱ्याच दिवशी मानवंदना स्वीकारताना राजीव गांधींवर श्रीलंकेच्या एका नौसैनिकाने बंदुकीच्या दस्त्याने प्रहार केला. दक्षिणेत जनता विमुक्ती पेरामुनाने भारतविरोधाच्या घोषणा देत सशस्त्र उठाव आरंभिला. उत्तरेत प्रारंभी लोकांनी भारतीय जवानांचे हारतुऱ्यांनी स्वागत केले. परंतु ते स्वागत दोन महिनेही टिकले नाही. सप्टेंबरअखेर तमिळ वाघांचा कार्यकर्ता तिलीपन याने जाफन्यात अन्नपाणी त्यागून प्राण सोडला. ५ ऑक्टोबर रोजी श्रीलंकेच्या ताब्यातील वाघांच्या बारा जणांनी विष घेऊन मृत्यू पत्करला. त्यानंतर सिंहली नागरिकांची हत्याकांडे झाली, आणि भारत सरकारने आपल्या सेनेला वाघांना बळाने निःशस्त्र करण्याचा आदेश दिला. या मोहिमेला ‘ऑपरेशन पवन’ असे नाव देण्यात आले.

जाफना आणि कंदरोडै

११ ऑक्टोबरच्या रात्री जाफना विद्यापीठाच्या परिसरात हेलिकॉप्टरने सैनिक उतरविण्यात आले. वाघांचे नेतृत्व तेथे असल्याची माहिती मिळाली होती आणि ते एका झडपेत हाती लागेल, अशी कल्पना होती. प्रतिपक्ष सावध होता. हेलिकॉप्टरांवर इतका मारा झाला की पुढील फेऱ्या थांबवाव्या लागल्या. पॅरा कमांडोंची तुकडी सहा जवान गमावून पुढे रणगाड्यांच्या साहाय्याने बाहेर पडू शकली. शीख लाइट इन्फन्ट्रीच्या तेराव्या पलटणीचे तीस जवान मात्र तेथेच एकाकी राहिले. त्यांतील एकोणतीस ठार झाले व एक पकडला गेला. पुढे काही दिवसांनी भारतीय तुकड्या त्या जागी पोहोचल्या, तेव्हा गणवेशाचे तुकडे आणि रिकाम्या काडतुसांचा खच आढळल्याचे त्या काळच्या वृत्तांतांत नमूद आहे.

शीख लाइट इन्फन्ट्रीत परंपरेने मजहबी आणि रामदासिया शीखांची भरती होते. हे दोन्ही समाज अस्पृश्यतेचा दाह सोसलेले आहेत. ज्या समाजांना शतकानुशतके गावाबाहेर ठेवण्यात आले, त्यांचे पुत्र एका परक्या विद्यापीठाच्या आवारात देशाच्या आदेशाने लढले आणि अखेरच्या गोळीपर्यंत लढत राहिले. त्यांच्या शौर्याविषयी कोणीही शंका घेतलेली नाही. शंका आहे ती त्यांना तेथे पाठविणाऱ्या योजनेविषयी.

महार रेजिमेंटची कहाणी याच सूत्राला जोडलेली आहे. डॉ. आंबेडकरांच्या अथक प्रयत्नांनंतर १९४१ च्या ऑक्टोबरमध्ये बेळगाव येथे या रेजिमेंटची पहिली पलटण उभी राहिली. पुढे तिच्यात देशाच्या सर्व भागांतील व समाजांतील जवान येऊ लागले. तिच्या आठव्या पलटणीत मेजर रामस्वामी परमेश्वरन हे अधिकारी होते. त्यांचा जन्म १९४६ साली मुंबईत, तमिळ भाषक कुटुंबात झाला होता. २५ नोव्हेंबर १९८७ रोजी रात्री जाफना द्वीपकल्पातील कंदरोडै गावाच्या परिसरात शोधमोहीम आटोपून परतत असताना त्यांच्या तुकडीवर दबा धरून बसलेल्या वाघांनी हल्ला केला. मेजर परमेश्वरन यांनी प्रतिपक्षाला मागून घेरले. हातघाईच्या लढाईत त्यांच्या छातीत गोळी लागली. तशाही अवस्थेत त्यांनी गोळी झाडणाऱ्याची रायफल हिसकावून त्याला ठार केले आणि अखेरच्या श्वासापर्यंत ते आपल्या जवानांना आज्ञा देत राहिले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र देण्यात आले. श्रीलंकेतील मोहिमेत हा सन्मान मिळालेले ते एकमेव सैनिक होत.

कंदरोडै हे नाव बौद्ध पुरातत्त्वाच्या अभ्यासकांस अपरिचित नाही. सिंहली परंपरेत त्यालाच कदुरुगोड म्हणतात. ताडांच्या बनाजवळ प्रवाळखडकाच्या दगडांतून रचलेल्या लहान लहान स्तूपांचा एक समूह तेथे आहे. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात पॉल पीरिस यांनी तेथे उत्खनन केले. हे स्तूप सिंहली बौद्धांचे की प्राचीन तमिळ बौद्धांचे, याविषयी आज तीव्र वाद आहे. तमिळ भाषेत एकेकाळी समृद्ध बौद्ध वाङ्मय होते, हे लक्षात घेता हा वाद मुळात अनाठायी वाटतो. धम्माने ज्या भूमीवर दोन भाषांना एकत्र नांदविले होते, तेथेच एक तमिळ भाषक भारतीय अधिकारी तमिळ बंडखोराशी लढताना मरण पावला. मारणाऱ्याची आणि मरणाऱ्याची मातृभाषा एक होती.

आकड्यांचा प्रश्न

शांतिसेनेतील मृतांची संख्या ११५५ अशी दिली जाते; अन्यत्र ती ११६५ आढळते. श्रीलंकेतील स्मारकासंबंधी लिहिताना सुमारे १२०० नावे असे म्हटले जाते. जखमींची संख्या तीन हजारांच्या घरात आहे. दहा-वीसांचा हा फरक वाचकास किरकोळ वाटेल. परंतु ज्या घरातील माणूस त्या फरकात असेल, त्या घराला तो किरकोळ कसा वाटावा ?

आकड्यांची दुसरी बाजू याहून कठीण आहे. या युद्धात तमिळ नागरिक किती मेले, याची सर्वमान्य संख्या नाही. २१ ऑक्टोबर १९८७ रोजी, दिवाळीच्या दिवशी, भारतीय सैनिक जाफन्याच्या रुग्णालयात शिरले. आतून गोळीबार झाल्याचे सैन्याच्या वतीने सांगण्यात आले. दुसऱ्या दिवसापर्यंत रुग्ण, परिचारिका, डॉक्टर व कर्मचारी मिळून साठ ते सत्तर माणसे तेथे मारली गेली. १९८९ च्या ऑगस्टमध्ये वल्वेट्टितुरै येथे, शांतिसेनेच्या तुकडीवर हल्ला झाल्यानंतर, पन्नासहून अधिक नागरिक ठार करण्यात आले. रुग्णालयातील मृतांचे स्मरण त्यांचे सहकारी पुढेही दरवर्षी करीत आले. आमच्या देशातील शांतिसेनेवरील लेखनात मात्र त्यांचा उल्लेख क्वचितच येतो.

ही मोजदाद करण्याचे धैर्य जाफन्यातच एका स्त्रीने दाखविले. डॉ. रजनी तिरणगम या जाफना विद्यापीठात शरीररचनाशास्त्राच्या विभागप्रमुख होत्या. ज्या विद्यापीठाच्या आवारात शीख जवान पडले, तेच हे विद्यापीठ. त्यांनी आपल्या तीन सहकाऱ्यांसह श्रीलंकेचे सैन्य, भारतीय सैन्य आणि तमिळ वाघ या तिघांच्याही अत्याचारांची नोंद ठेवली. ‘द ब्रोकन पाल्मायरा’ हा तो ग्रंथ १९९० साली प्रसिद्ध झाला. परंतु तो पाहण्यास त्या जिवंत नव्हत्या. २१ सप्टेंबर १९८९ रोजी सायकलवरून घरी जात असताना त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. हे कृत्य तमिळ वाघांचे, असेच सर्वसाधारणपणे मानले जाते. सर्व बाजूंचे मृत मोजणारी व्यक्ती कोणत्याच बाजूला सहन होत नाही, हे त्यांच्या मृत्यूने दाखवून दिले.

महावंसातील दोन प्रसंग

युद्धातील मृत कसे मोजावेत, हा प्रश्न लंकेच्या बौद्ध परंपरेस नवा नाही. पाचव्या-सहाव्या शतकात रचल्या गेलेल्या महावंसात दुट्ठगामणी राजाची कथा विस्ताराने आली आहे. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात त्याने अनुराधपूरच्या एळार या तमिळ राजाचा पराभव केला. विजयानंतर राजाला झोप येईना. आपल्यामुळे असंख्य माणसे मेली, ही टोचणी त्याला लागली होती. तेव्हा आठ अर्हत त्याचे सांत्वन करण्यास आले. राजाच्या हातून केवळ दीड माणसाची हत्या झाली, असे त्यांनी सांगितल्याचे महावंसकार लिहितो. एकाने त्रिशरण घेतले होते आणि दुसऱ्याने पंचशीलही; उरलेले पशूंहून अधिक नव्हते, असा तो हिशेब.

हा हिशेब तथागतांच्या शिकवणुकीशी कोणत्याही अर्थाने जुळत नाही, हे आम्ही स्पष्टपणे नमूद करू इच्छितो. ज्यांनी मैत्रीभावनेत सर्व प्राणिमात्रांचा समावेश केला, त्यांचे श्रावक माणसांना मोजणीतून वगळतील, हे संभवत नाही. हे वचन अर्हतांचे नव्हे. राजसत्तेशी जवळीक साधलेल्या इतिवृत्तकाराचे आहे, असे आमचे मत आहे. विसाव्या शतकातील सिंहली राष्ट्रवादाने दुट्ठगामणीला आदर्श मानले, तेव्हा हा हिशेबही त्याच्यासोबत आला. परंतु लंकेला दोष देऊन भारतीय वाचकाला मोकळे होता येणार नाही. अकराशे जवानांची संख्या ज्याला ठाऊक आहे आणि जाफन्याच्या रुग्णालयातील मृत ज्याला ठाऊकच नाहीत, तोही दीड माणसाचाच हिशेब करीत असतो.

त्याच महावंसात दुसरा प्रसंग आहे. एळार बौद्ध नव्हता, तरी त्याच्या न्यायबुद्धीची स्तुती महावंसकार मुक्तकंठाने करतो. एळार पडल्यावर दुट्ठगामणीने त्याचे सन्मानपूर्वक दहन केले, तेथे स्मारक उभारले आणि त्याची पूजा करण्याची आज्ञा दिली. पुढील राजे त्या जागेजवळून जाताना वाद्ये बंद ठेवीत, असे इतिवृत्त सांगते. १८१८ च्या उठावानंतर पळून जाणारा कँडीचा एक सरदार थकलेला असूनही त्या परिसरात पालखीतून उतरून चालत गेला, अशी एका इंग्रज अधिकाऱ्याची नोंद आहे. अनुराधपूरचा दक्षिण स्तूप हीच एळाराची समाधी, असे लोक मानीत. विसाव्या शतकात पुरातत्त्वज्ञ परणविताना यांनी उत्खननाच्या आधारे तो स्तूप दुट्ठगामणीच्याच दहनस्थानी उभारलेला असावा, असे मत मांडले. ते ग्राह्य धरल्यास लोकांनी दीर्घकाळ पराजिताच्या नावाने विजेत्याच्या रक्षेला वंदन केले असे होते. राखेत विजेता आणि पराजित हा भेद उरत नाही, हे सांगण्यास याहून वेगळा दाखला नको.

परतलेली सेना आणि दगडावरील नावे

१९८९ च्या जूनमध्ये राष्ट्राध्यक्ष प्रेमदास यांनी शांतिसेनेने श्रीलंका सोडावी अशी जाहीर मागणी केली. त्याच सुमारास त्यांच्या सरकारने तमिळ वाघांना शस्त्रे पुरविली, हे पुढे उघड झाले. अर्थात काही भारतीय जवान ज्या शस्त्रांसमोर उभे होते, ती त्यांना बोलावणाऱ्या देशानेच दिलेली होती. २४ मार्च १९९० रोजी अखेरची तुकडी परतली. मद्रास बंदरात तिचे स्वागत करण्यास तमिळनाडूचे तत्कालीन मुख्यमंत्री करुणानिधी गेले नाहीत. आपल्याच तमिळ बांधवांना मारून आलेल्या सेनेचे स्वागत कसे करावे, ही त्यांची भूमिका होती. तिच्यामागे तमिळ नागरिकांचे खरे दुःख होते. परंतु बंदरात उतरणाऱ्या जवानाने हे युद्ध ठरविले नव्हते, हेही तितकेच खरे. १९९१ मध्ये राजीव गांधी आणि १९९३ मध्ये प्रेमदास आत्मघातकी स्फोटांत मारले गेले. कराराचे समर्थक व विरोधक दोघेही गेले, आणि ज्याची जबाबदारी घ्यावी असे कोणाला वाटेना, असे हे युद्ध विस्मृतीत गेले.

या मृत जवानांचे मोठे स्मारक प्रथम उभारले ते श्रीलंकेने. श्री जयवर्धनपुर कोट्टे येथे काळ्या दगडावर त्यांची नावे कोरण्यात आली आणि १५ ऑगस्ट २०१० रोजी तेथे भारतीय उच्चायुक्तांनी पुष्पचक्र अर्पण केले. पलालि येथील जुन्या स्मारकाचा २०१४ मध्ये जीर्णोद्धार झाला. दिल्लीतील राष्ट्रीय समर स्मारक २०१९ च्या फेब्रुवारीत खुले झाले. तेथील दगडी विटांवर ‘ऑपरेशन पवन’मधील सैनिकांची नावेही आहेत. ज्या सेनेला तेथील सरकारने परत जाण्यास सांगितले, तिच्या मृतांची नावे त्या देशाने जपली, यात राजनीतीचा भाग असेलही. तरीही एळाराच्या स्मारकाची परंपरा त्या भूमीत पूर्णतः लोपली नाही, असे आम्हांस वाटते.

दगडावरील नावांचा अर्थ दगड उभारणाऱ्याच्या हाती राहत नाही, हे महाराष्ट्रातील बौद्धांना वेगळे सांगावयास नको. भीमा कोरेगावचा स्तंभ ईस्ट इंडिया कंपनीने आपल्या विजयासाठी उभारला होता. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब तेथे गेले आणि त्या स्तंभावरील महार सैनिकांची नावे समाजाने नव्या अर्थाने वाचली. महार रेजिमेंटच्या पहिल्या चिन्हात तोच स्तंभ होता. जे युद्ध आपले नव्हते त्यातील माणसे आपली असू शकतात, ही जाण त्या वाचनामागे होती.

संयुत्तनिकायात योधाजीव नावाच्या गामणीची कथा आहे. रणांगणात लढताना मेलेल्या योद्ध्याला स्वर्ग मिळतो, असे त्याच्या परंपरेतील आचार्य सांगत. हे खरे आहे काय, असे त्याने तथागतांना विचारले. तथागतांनी दोनदा उत्तर देण्याचे टाळले. तिसऱ्यांदा विचारल्यावर त्यांनी सांगितले की, इतरांचा संहार व्हावा या चित्तावस्थेत मरणाऱ्याची गती स्वर्गाची नसते. योधाजीव रडू लागला. या उत्तराने आपण रडत नसून आपल्या पूर्वाचार्यांनी आपल्याला दीर्घकाळ फसविले म्हणून रडत आहोत, असे त्याने सांगितले. या सुत्तात तथागतांनी सैनिकाला खोटे आश्वासन दिले नाही आणि त्याला तुच्छही लेखले नाही. दोन वेळा मौन पाळण्यात करुणा आहे, आणि तिसऱ्या वेळी बोलण्यात सत्य आहे.

शांतिसेनेच्या मृतांचे स्मरण याच दोहोंना धरून व्हावे. जाफना विद्यापीठात पडलेल्या शीख जवानांना आणि कंदरोडै येथे पडलेल्या महार पलटणीच्या अधिकाऱ्याला वंदन करताना त्या युद्धाला पवित्र ठरविण्याचे कारण नाही. तसेच ते युद्ध चुकीचे होते म्हणून त्यांची नावे न उच्चारण्याचेही कारण नाही. ज्या दिवशी त्यांच्या स्मरणसभेत जाफन्याच्या रुग्णालयातील परिचारिकांचा, अरंतलावच्या श्रामणेरांचा आणि रजनी तिरणगम यांचाही उल्लेख संकोचाविना होईल, त्या दिवशी दीड माणसाचा हिशेब मिटेल. तोवर ही मोजदाद अपुरी आहे, आणि ती पुरी करण्याचे काम इतिहास लिहिणाऱ्यांचे आहे.